मुंगीचा घास

ज्या दिवशी मुंगीला दवाखान्यात न्यायचं असतं त्या सकाळी आमच्या स्वयंपाकघरात गॅस पेटत नाही. भूल द्यायची म्हणून तिला उपाशी ठेवायचं असतं, आणि लेकरू उपाशी असताना त्याच्यासमोर कपबशी कशी वाजवायची, म्हणून सगळेच उपाशी. सासूबाई तेवढं गोळीपुरतं बिस्किट मोरीत जाऊन खातात. पण चार वर्षांच्या पोरीला तारीख-वार कळत नसला तरी घरातली शांतता बरोबर कळते. चमचा वाजला नाही, दुधाचं पातेलं खडखडलं नाही, की ती अंथरुणातूनच ओळखते. पांघरूण डोक्यावर ओढते आणि आतून म्हणते, "मला मासे नाही बघायचे."

मासे म्हणजे दवाखान्यातल्या बाहेरच्या खोलीतली काचेची टाकी. पहिल्यांदा नेलं तेव्हा मी तिला म्हटलं होतं, चल, मासे बघून येऊ. मासे बघितले, हे खरं. पुढचं मात्र मी सांगितलं नव्हतं. तेव्हापासून तिच्या चित्रांच्या पुस्तकातलं माशाचं पान गायब आहे, आणि मी कुठेही चल म्हटलं की ती आधी बापाच्या तोंडाकडे बघते.

मुंगीच्या अन्ननलिकेत, छातीच्या मधोमध, बोटाच्या पेराएवढी जागा आवळून गेली आहे. भाजलेली कातडी भरून येताना आकसते, तसंच आत झालं. डॉक्टरीणबाईंनी मला कागदावर काढून दाखवलं होतं. वर नळी, खाली नळी, आणि मध्ये पायजम्याची नाडी गच्च ओढावी तसा भाग. तोंडातून बारीक कॅमेरा घालतात, त्या अरुंद जागी चपटा फुगा सरकवतात, त्यात पाणी भरतात आणि थोडा वेळ तो तसाच फुगवून ठेवतात. जागा ताणते, थोडी फाटते, थोडी रुंदावते. काही आठवड्यांनी पुन्हा तेच, फुगा जरा मोठा. कमी ताणलं तर उपयोग नाही, जास्त ताणलं तर नळी फुटायची भीती. मी पदवीपर्यंत शास्त्र शिकले आहे, मला हे सगळं एका बैठकीत समजलं. समजल्याने काही हलकं होत नाही, एवढं मात्र नव्याने शिकले.

भूल चढेपर्यंत आईने जवळ थांबायचं, अशी तिथली पद्धत. बाप बाहेर. मुंगीच्या बापाला तशीही गाडी लावायला जागा शोधायची असते. त्यामुळे तोंडावर मास्क येतो तेव्हा मुंगी ज्या हातांतून सुटायला धडपडते ते हात माझे असतात. डोळे मिटण्याआधी तिला शेवटचं दिसतं ते माझं तोंड. मग शुद्धीवर येते तेव्हा घसा सोलवटलेला, लाळेत रक्ताची रेघ, छातीत दुखतंय, आणि समोर पुन्हा मीच.

मागे एकदा असंच सगळं आटपल्यावर डॉक्टरीणबाई हातमोजे उतरवत बाहेर आल्या. म्हणाल्या, मागच्या वेळी जेवढं रुंद केलं होतं त्यातलं निम्मं परत आवळून बसलंय. काय खाते ती? मी खरं ते सांगितलं. दूध, सूप, गाळलेली पेज. तेही चमच्याचमच्याने, रडारड करून.

"हे बघा," त्या म्हणाल्या, "मी रस्ता रुंद करून देईन. पण त्याच्यावरची वर्दळ तिनेच ठेवायला हवी. घास गेला पाहिजे. चावलेला, जाडसर घास, रोज. नाहीतर मी ताणत राहणार आणि ते आवळत राहणार."

मी विचारलं, नाहीच खाल्लं तर. त्यांनी सांगितलं. पोट उघडायचं, छाती उघडायची, आतड्याचा तुकडा काढून नळीच्या जागी बसवायचा. नळ बदलण्याबद्दल बोलावं तितक्या साध्या आवाजात त्या बोलल्या. अजून दोन-तीन वेळा फुगा करून बघू, मग ठरवू, म्हणाल्या आणि पुढच्या पेशंटकडे गेल्या.

त्यांच्या जागी एक नवी सिस्टर आली. तिथे दर वेळी कोणी ना कोणी नवीन असतं, आणि नवीन माणसाला सगळं पहिल्यापासून ऐकायचं असतं. काय प्यायली होती? मोरीचा पाइप मोकळा करायचं औषध. मग तिने पेन थांबवून माझ्याकडे बघितलं. बाटली पोरीच्या हाताला लागली कशी, तुम्ही कुठे होतात? नवरा शेजारीच उभा होता, बोटाभोवती किल्ली फिरवत. तुम्ही कुठे होतात, हे त्याला आजवर कोणी विचारलेलं नाही. मी म्हणाले, अंघोळीला. सिस्टरने मान हलवली. ती मान मी ओळखते. माझ्या त्या अंघोळीची लांबी वर्षभर वाढतेच आहे. सासूबाईंच्या बहिणीच्या घरी जे सांगतात त्यात तर मी त्या दिवशी केसही धुतले होते आणि गाणंही म्हणत होते.

काय झालं होतं ते सांगते.

आमच्या घरचा धंदा साफसफाईच्या औषधांचा. फरशीचं, काचेचं, मोरीचं, तुंबलेल्या पाइपचं. नवरा गिऱ्हाइकं सांभाळतो आणि दीर माल बनवतात. दीर लग्न न केलेले, तेव्हा आमच्यातच राहत. सासरे होते तेव्हापासून घरात एक रीत आहे, नव्या मालाचा पहिला वास घरच्यांनी घ्यायचा. बाटली ओट्यावर येते, ज्याने-त्याने नाक लावायचं आणि दहापैकी गुण द्यायचे. इतर घरांत भाजीत मीठ बरोबर पडलंय का विचारतात, आमच्याकडे मोरीच्या औषधात लिंबू बरोबर पडलंय का विचारतात. लग्न होऊन आले तेव्हा मला याची गंमत वाटायची. माहेरी जाऊन मी नकला करून दाखवायचे.

त्या वेळचा माल पाइप मोकळा करायचा होता, जहाल. तसल्या औषधाला कोणी वासबीस घालत नाही. पण भावजींच्या डोक्यात आलं की बायकांनी नाक मुरडू नये, म्हणून त्यांनी त्याला लिंबाचा वास दिला आणि फिकट पिवळा रंग. छापील बाटल्या आल्या नव्हत्या, तेव्हा सरबताची रिकामी बाटली धुऊन तिच्यात भरून आणलं. संध्याकाळी सगळ्यांनी गुण दिले. मी गुण दिले नाहीत. मी म्हटलं, "भावजी, ही बाटली इथे नको. मुंगी आहे." ते हसले. म्हणाले, वहिनी, तुमच्या हाती घर दिलं तर तुम्ही पाण्यालासुद्धा लेबल लावाल. नवराही हसला. मी बाटली उचलली आणि सगळ्यात वरच्या कपाटात, मागे, रिकाम्या डब्यांच्या आड ठेवली.

सकाळी मी अंघोळीला गेले. भावजींना कोणा व्यापाऱ्याला नमुना दाखवायचा होता. त्यांनी स्टुलावर चढून बाटली काढली, बूच उघडून वास घेतला, तेवढ्यात त्यांना फोन आला, बाटली ओट्याच्या कडेला पाण्याच्या पेल्यांशेजारी ठेवून ते बोलत बोलत गॅलरीत गेले. स्टूल ओट्याला लागूनच राहिलं.

मुंगी हे नाव त्यांनीच ठेवलेलं. गोड दिसलं की ही हजर.

मी ओल्या अंगाने धावत आले तेव्हा सासूबाई तिच्या तोंडात मिठाचं पाणी ओतत होत्या आणि पाठीवर थापट्या मारत होत्या, ओक बाई, ओक. ती ओकली. नंतर डॉक्टरीणबाईंनी मला एकटीला सांगितलं की खाली जाताना जेवढं भाजलं तेवढंच वर येताना भाजलं. सासूबाईंना हे अजून कोणी सांगितलेलं नाही. मीही नाही. आयुष्यभर पुरेल असा दगड म्हातारीच्या छातीवर ठेवून मला काय मिळणार होतं?

त्या दिवशी दवाखान्यात डॉक्टरांनी विचारलं, ही बाटली कोणी ठेवली होती. भावजी तीच बाटली हातात धरून उभे होते. नवरा म्हणाला, "घरातच होती." घरातच होती. म्हणजे बाटलीला पाय फुटले, ती कपाटातून उतरली आणि ओट्यावर येऊन बसली. मग सगळ्यांच्या माना माझ्याकडे वळल्या, कारण मूल कोणाचं तर आईचं. चोर सोडून संन्याशाला फाशी, ती ही अशी.

मी भांडले नाही असं नाही. घरी आल्यावर नवऱ्याला सांगितलं, या घरात एक तर ते राहतील नाहीतर मी. भावजी मुकाट्याने पेटी घेऊन कारखान्याच्या वरच्या खोलीत राहायला गेले. सासूबाईंनी माझ्याशी बोलणं टाकलं. नवरा दोन्हीकडे जात राहिला, इकडे आला की इकडच्यासारखा, तिकडे गेला की तिकडच्यासारखा. मी त्याला एवढंच म्हणायचे, त्यांनी एकदा म्हणू दे. सगळ्यांसमोर, एकदाच, की बाटली मी काढली होती. मग येऊ देत परत. तो म्हणायचा, "तो मनातून खूप खचलाय गं." मनातून. मनातलं कोणाला ऐकू येतं?

तर छाती उघडायची गोष्ट निघाली त्या दिवशी दवाखान्यातून परतताना गाडीत माझ्या डोक्यात एकच होतं. घास. कसाही करून घास.

मी काय काय केलं नाही! भाताचे गोळे केले, बटाट्याची बाहुली केली, केळ्याच्या चकत्यांना डोळे लावले. मुंगी माझ्या हाताकडे बघायची, मग माझ्याकडे, आणि तोंडाला कुलूप. जबरदस्तीने गेलाच तर घास गालात ठेवून हिंडायची आणि तासाभराने बाहुलीच्या पलंगाखाली थुंकून यायची. एकदा मी रडकुंडीला येऊन विचारलं, का नाही खात गं माझ्या हातचं. तिने शांतपणे सांगितलं, "तू डॉक्टरची आहेस." बाबा आणि आजी घरचे, मी डॉक्टरची. घरच्यांपैकी बाबाला सकाळी वेळ नसायचा आणि आजीने पाव चमचा पेज पाजली की तीच दमायची.

मग एक दिवस सासूबाई तिला झोपाळ्यावर नेते म्हणून घेऊन गेल्या आणि दुपार टळल्यावर परत आल्या. मुंगीचे कपडे बदलताना तिच्या गळपट्टीत मला पावाचा चुरा दिसला. नुसता भुगा नाही, कडेचा, भाजलेला चुरा. पावाची कड म्हणजे सरळ अडकून बसायची गोष्ट. मी तिचं तोंड उघडून बघितलं, छातीला कान लावला, पाणी पाजलं. पाणी सरळ गेलं. लाळ गळत नव्हती. तिने विचारलं, "आई, काय झालं?" तिला काही झालेलं नव्हतं. पाव खाली उतरला होता.

सासूबाईंना विचारलं तेव्हा त्यांनी आढेवेढे घेतले नाहीत. उलट वर्षभराचा अबोला सोडून बोलल्या.

"काकाकडे नेते तिला. कधीपासून नेते. अर्धा पाव खाल्ला तिने, दुधात बुडवून, त्याच्या हातून. आता काय करायचं ते कर. मलाही घराबाहेर काढ."

मी स्वयंपाकघरात जाऊन उभी राहिले. राग यायला हवा होता, आला. ज्या माणसाला मी उंबऱ्याबाहेर ठेवलं त्याच्याकडे माझ्या पाठीमागे माझी मुलगी जाते आणि तोंड उघडते. जीव टांगून मी तिच्यामागे वाटी घेऊन धावते, आणि ज्याच्यामुळे तिचा घसा गेला त्याच्या हातून ती पाव खाते. पण रागाच्या खाली दुसरंच काहीतरी चाललं होतं. मी मोजत होते. अर्धा पाव, म्हणजे किती घास. चावलेले, जाडसर.

दुसऱ्या दिवशी मी कारखान्यात गेले.

निळी पिंपं, नरसाळी, गाळायची फडकी, ओल्या फरशीवर रबरी चपलांचे ठसे. आणि सगळीकडे लिंबाचा वास. तो माल बंद केला असेल असं मला उगीचच वाटलं होतं. बंद कसा करतील? नवऱ्याने एकदा बोलता बोलता सांगितलं होतं, लिंबूच सगळ्यात जास्त खपतं. भावजी एका कोपऱ्यात बसून बाटल्यांना लेबलं चिकटवत होते. लालभडक, बाटली झाकून टाकतील एवढी मोठी लेबलं, वर लहान मुलाच्या चित्रावर फुली. ते बारीक झाले होते. मला बघून उठले, स्टूल पुसून पुढे केलं. मी बसले नाही.

म्हटलं, "दुपारी घरी जेवायला येत जा. मुंगी तुमच्या हातचं खाते."

ते बराच वेळ हातातलं लेबल गुळगुळीत करत राहिले. "तुम्हाला चालेल, वहिनी?"

"मला काय चालतं हा प्रश्नच नाही. तिला गिळता आलं पाहिजे. नाहीतर छाती उघडायची म्हणतायत."

ते त्यांना माहीत नव्हतं. खाली बसले. मग म्हणाले, "वहिनी, मला तुमच्याशी एकदा..." आणि थांबले. मी उभी राहिले. खरंच वाट बघितली. मागे नळाखालची बाटली भरून ओतू जायला लागली, ते वळले, नळ बंद केला, बाटली पुसली, बूच लावलं. ते सगळं त्यांनी इतकं सावकाश केलं की वाक्य विसरायला वेळ मिळाला. "उद्यापासून येतो," म्हणाले.

घरी परतताना मला माझीच लाज वाटली. गरज सरो वैद्य मरो म्हणतात, इथे गरज पडली म्हणून मी वैऱ्यालाच वैद्य करून घेतलं.

ते येऊ लागले. सासूबाईंचा चेहरा असा उजळला की मला बघवेना. म्हणाल्या, रक्त शेवटी रक्ताकडेच ओढ घेतं. आणखी म्हणाल्या, हाताला प्रेम असलं की पोर खातं. नवऱ्याने मला बाजूला घेऊन सांगितलं, बघ, सगळं कसं छान जुळून येतंय, आता तू जुनं काही उगाळू नकोस. मी म्हटलं, उगाळत नाही. गिळते.

मुंगी त्यांच्याच हातचं का खाते ते मला पहिल्याच दिवशी कळलं. ते आधी स्वतः खायचे. प्रत्येक घास. भाताचा एक घास स्वतःच्या तोंडात, नीट चावून, गिळून, जीभ बाहेर काढून दाखवायची, संपलं. मग तसाच दुसरा तिला. हे त्यांना कोणी शिकवलं नव्हतं. आमच्या घरात त्या बाटलीचा वास सगळ्यांनी घेतला, घोट मात्र तिने एकटीने घेतला, हे त्यांना कधीतरी कळलं असावं. निदान मला तसं वाटलं, आणि असं काही वाटणं मला आवडलं नाही.

घास घेतला की ती छाती पुढे काढायची आणि ते तिथे कान लावायचे. "आला, आला. साखरेचा दाणा बिळात आला. वळणावर थांबलाय. ए दाण्या, चल पुढे. उतरला." ती स्वतःही श्वास रोखून ऐकायची. उतरला म्हटलं की टाळी. मी टेबलाच्या दुसऱ्या टोकाला बसायचे, कारण मी जवळ असले की तिचं तोंड मिटायचं. हातात पाण्याचा पेला धरून नजर तिच्या गळ्यावर. घास अडकला तर काय करायचं ते मी शिकून ठेवलं होतं. पालथं कसं धरायचं, पाठीवर कुठे मारायचं, गाडीची किल्ली कुठे आहे. ती दोघं हसायची तेव्हाही मी तिचा गळा बघत असायचे.

केळं झालं, भात झाला, मग उकडलेला बटाटा, मग अंडं. पुढच्या वेळी डॉक्टरीणबाई बाहेर आल्या तेव्हा हातमोजे उतरवताना हसत होत्या. या वेळी टिकलंय, म्हणाल्या. फुगा सहज गेला. असंच चालू राहिलं तर छाती उघडायचं नाव काढायला नको. काय जादू केलीत? मी म्हटलं, तिचा काका भरवतो. "वा," त्या म्हणाल्या, "नशीबवान आहात. असा काका असावा घरात."

मी हो म्हटलं.

आणि मग परवाची दुपार. उन्हं टेबलावर आली होती. नवरा त्या दिवशी जेवायला घरी होता, सासूबाई होत्या, भावजी मुंगीच्या शेजारी, मी माझ्या टोकाला. ताटात भात आणि गाजराच्या शिजवलेल्या फोडी. आज पहिल्यांदा गाजर, म्हणून माझा जीव आधीच टांगणीला. सासूबाईंनी कौतुकाने मोसंबीचा रस काढला होता. त्यांनी काचेचा ग्लास मुंगीपुढे ठेवला. ऊन ग्लासातून आरपार गेलं आणि टेबलावर पिवळा डाग पडला.

मुंगीने ग्लास दोन्ही हातांनी लांब सरकवला. रडली नाही. डागाकडे बघत राहिली आणि म्हणाली, "माझी पिवळी बाटली कोणी ठेवली होती?"

इतके दिवस तिने हे कधी विचारलं नव्हतं. आम्ही समजत होतो की तिला आठवत नाही. नवऱ्याने ताटात मान घातली. सासूबाई म्हणाल्या, जेव बाई, जेवताना बोलू नये.

"सांगा ना. ज्याने ठेवली तो वाईट. त्याच्या हातचं मी कध्धी कध्धी खाणार नाही."

भावजींच्या बोटांत घास तसाच राहिला. त्यांनी मान वर केली आणि माझ्याकडे बघितलं. वर्षभरात पहिल्यांदा सरळ डोळ्यांत. त्यांचा चेहरा असा झाला होता की मला लगेच कळलं, हा माणूस आता बोलणार. त्यांनी घास ताटात ठेवला, हात पुसला.

"मुंगे," ते म्हणाले, "ती बाटली..."

हेच तर मला हवं होतं. सगळ्यांसमोर, एकदाच. नवरा समोर होता, सासूबाई समोर होत्या. सिस्टरच्या त्या माना, सासूबाईंच्या बहिणीचं ते गाणं, सगळं एका वाक्यात पुसून निघणार होतं. आणि मी मुंगीकडे बघितलं. ती काकाच्या तोंडाकडे बघत होती, जसं घास घेण्याआधी बघते तसं. ओठ जरासे उघडे. हे वाक्य पुरं झालं की ते मिटणार. माझ्यासाठी मिटले तसे. मग गाजर नाही, भात नाही, गाळलेली पेज, आणि ती नाडी आतून हळूहळू ओढली जाणार.

"मी ठेवली होती," मी म्हणाले.

मुंगीने वळून माझ्याकडे बघितलं. तिला नवल वाटलं असतं तरी मला बरं वाटलं असतं.

"मला माहीतच होतं," ती म्हणाली, आणि काकाकडे वळून तिने आ केला.

भावजींचं तोंड उघडंच होतं. "वहिनी, नाही, हे..."

"भावजी, घास भरवा," मी म्हटलं. "भात गार होतोय."

त्यांनी गाजराची फोड चुरडली, भातात मिसळली. एक घास स्वतः खाल्ला. तो गिळायला त्यांना फार वेळ लागला. मग एक तिला दिला. ती चावत राहिली, तिने डोळे मिटले, तिच्या गळ्यावरची कातडी वर गेली, खाली आली. तिने छाती पुढे काढली. काकांनी कान लावला आणि तसाच लावून ठेवला, चेहरा कोणाला दिसणार नाही असा.

"उतरला?" तिने विचारलं. "काका, सांग ना, उतरला?"

उतरला होता. मला इथून दिसत होतं. पण तिने मला विचारलं नव्हतं.

दुपारी मी भांडी घासत होते तेव्हा बाहेर सासूबाई बहिणीशी फोनवर बोलत होत्या. आवाज बारीक केला होता, पण आमच्या घरात बारीक आवाजच जास्त ऐकू येतो. "आज कबूल झाली," त्या म्हणत होत्या. "स्वतःच्या तोंडाने, पोरीसमोर. मी म्हणतच होते ना. माझा धाकटा बिचारा वर्षभर उगीच बाहेर राहिला." नवरा तिथेच कुठेतरी पेपर वाचत होता. पान उलटल्याचा आवाज आला.

मी नळ मोठा सोडला. मुंगीचं ताट मी नेहमी शेवटी घासते, काय काय उरलंय ते बघून. त्यात काहीच उरलं नव्हतं.